वरची चिठ्ठी

बायको गेल्यानंतर पाच महिन्यांनी तपासनीस पहिल्यांदा हसला, आणि तोही एका शिलाई मशिनच्या माहितीपुस्तिकेवर.

पुस्तिका मूळ इंग्रजीत होती. तिचं फ्रेंच भाषांतर करून कारखान्याला पाठवायचं होतं. असली भाषांतरं करणं हेच त्या कार्यालयाचं काम, आणि बाहेर जाण्याआधी ती तपासणं हे तपासनिसाचं. त्याने चष्मा पुसला, लाल पेन काढलं आणि पहिलं पान उघडलं. पहिल्याच सूचनेत फ्रेंच वाचकाला बजावलं होतं की, सुईखालची दातांची कवळी व्हायोलिनच्या चार पट्ट्यांनी घट्ट आवळावी. दुसरीत म्हटलं होतं की, आठवड्यातून एकदा पाण्याच्या झऱ्याला तेल द्यावं. तिसरीत तर कापडावरचा कोळशाचा थर सरळ जातोय ना, हे बघायला सांगितलं होतं.

आधी त्याच्या नाकातून फुस्स असा आवाज आला. मग तो खरंच हसला, डोळ्यांत पाणी येईपर्यंत.

समोरच्या टेबलावर होयबा बसत असे. तोही बावीस वर्षं काम केलेला जुना भाषांतरकार. साहेब काहीही बोलले की ‘हो, बरोबर’ म्हणायची त्याला सवय, म्हणून हे नाव. तो दचकून म्हणाला, “काय झालं हो? बरं आहे ना?”

“हे कोणी केलं?”

“मशिनने. म्हणजे नव्या शब्दसूचीवरून. एका इंग्रजी शब्दाला एकच फ्रेंच शब्द. कॉम्प्युटर आपोआप बसवतो. साहेबांचा प्रयोग आहे.”

“साहेबांनी अक्कल गहाण ठेवली आहे, की मुळात नव्हतीच?”

होयबाने दाराकडे बघितलं, खुर्ची जवळ ओढली आणि ड्रॉवरमधून एक कोरं करकरीत पुस्तक काढून त्याच्यापुढे सरकवलं. “तुम्हाला अजून दिलं नाही वाटतं? शुक्रवारी प्रकाशन आहे.”

वरच्या कव्हरवर फक्त कार्यालयाचं बोधचिन्ह. आतल्या पहिल्या पानावर त्याच्या बायकोचा फोटो. कार्यालयाच्या ओळखपत्रावरचाच, मोठा केलेला. फोटोग्राफरने हनुवटी वर करायला लावली म्हणून ती त्यात चिडलेली दिसते. खाली छापलं होतं, ‘बाईंची शब्दसूची. आदरणीय बाईंनी आयुष्यभर वेचलेले शब्दमोती त्यांच्याच पावन स्मृतीस अर्पण.’

तपासनिसाचं हसू तिथेच मेलं. त्याने पुस्तक चाळलं. प्लेट म्हणजे कवळी. नट म्हणजे व्हायोलिनची पट्टी. स्प्रिंग म्हणजे झरा. ओळीने अडीच हजार शब्द, आणि वर तिचं तोंड.

आता ह्या धंद्यातली मेख सांगायला हवी. इंग्रजी शब्द हा दहा घरी जेवणारा माणूस. प्लेट म्हटलं की ताटही झालं, मशिनचा पत्राही झाला आणि म्हाताऱ्याची कवळीही झाली. फ्रेंचला हे खपत नाही. तिच्याकडे तिन्हींना तीन वेगळी नावं आहेत, आणि चुकीचं घेतलं तर ती माफ करत नाही. म्हणून दर शब्दाला थांबून विचारावं लागतं, बाबा रे, तू कुठला?

बाई हे विचारायची. कार्यालयात सगळे तिला बाईच म्हणत, घरात तोही म्हणायचा. तिने खिडकीजवळच्या लाकडी कपाटात चौसष्ट ड्रॉवर भरून चिठ्ठ्या ठेवल्या होत्या. एका इंग्रजी शब्दाचा एक गठ्ठा, दोऱ्याने बांधलेला. गठ्ठ्यातल्या दर चिठ्ठीवर एक फ्रेंच शब्द, आणि त्याच्याखाली मराठीत एकच ओळ: ही वस्तू कोणाच्या हातात आहे. ‘फिटरच्या हातात.’ ‘दातांच्या डॉक्टरच्या हातात.’ ‘वाद्य दुरुस्त करणाऱ्याच्या हातात.’ व्याख्या नाही, उदाहरण नाही. हात कळला की शब्द कळतो, असं तिचं म्हणणं. त्यासाठी ती कुठेही जायची. नळवाल्याकडे जाऊन त्याच्या पिशवीतल्या वस्तू एकेक बाहेर काढायला लावायची. एका सुताराने तर तिला हात जोडले होते, बाई, तुम्ही एक तर रंधा विकत घ्या, नाही तर घरी जा.

तपासनीस उठून कपाटाकडे गेला. ‘पी’चा ड्रॉवर ओढला, प्लेटचा गठ्ठा काढला. वरची चिठ्ठी: दातांच्या डॉक्टरच्या हातात. त्याखाली फोटोग्राफर. त्याखाली छापखानेवाला. मशिनचा पत्रा अगदी खाली, आणि ताट त्याच्याही खाली.

मग त्याने नटचा काढला. वर व्हायोलिन. फिटर सगळ्यात खाली.

त्याला सगळं कळलं आणि मान तापली. ह्या शहाण्यांनी प्रत्येक गठ्ठ्यातली वरची चिठ्ठी उचलली होती. वरचं ते महत्त्वाचं, अशी ह्यांची अक्कल. आणि बाई नेमकं उलटं करायची. जो अर्थ तिला झोपेतही आला असता तो ती तळाला घालायची, आणि वर्षातून एकदा लागणारा, विसरायची भीती असलेला अर्थ वर. “जे येतं ते कशाला डोळ्यासमोर?” ती म्हणायची. त्याने लग्नानंतर पंचवीस वर्षं तिला ह्याच गोष्टीवरून टोमणे मारले होते. ‘उलटं कपाट’ हा त्याचाच शब्द. सरळ लाव म्हणून किती वेळा भांडला. तेव्हा ऐकलं असतं तर आज ह्या गाढवांच्या हातून चुकून का होईना बरोबर झालं असतं. पण ती कशाला ऐकते.

म्हणजे अडीच हजार शब्दांना अडीच हजार वेळा, तिच्या कपाटातला सगळ्यात दुर्मीळ अर्थ शोधून काढल्यासारखा बसवला होता. एवढं अचूक चुकायला एरवी कोणाला जमलं नसतं.

“तू बघितलं होतंस?” त्याने होयबाला विचारलं.

“वरवर.”

“नट म्हणजे व्हायोलिनची पट्टी, हे वरवर दिसत नाही?”

“दिसलं की.” होयबा कान खाजवत म्हणाला. “पण बाईंच्या हस्ताक्षरात आहे म्हटल्यावर मी कोण बोलणार? आणि साहेबांनी स्वतः केलंय म्हटल्यावर तर…”

“तुझ्या थडग्यावर लिहू, ‘वरवर दिसलं होतं.’”

साहेबांना कार्यालयात ‘व्हिजन’ म्हणत, कारण दर तिसऱ्या वाक्यात त्यांना ते असे. वय अडतीस, टाय रोज नवा. फ्रेंच भाषांतराच्या कार्यालयाचे ते प्रमुख होते आणि त्यांना फ्रेंचमधलं ‘नमस्कार’ आणि ‘आभार’ एवढं येत होतं, त्यातलं ‘आभार’ चुकीचं. तपासनीस आत गेला तेव्हा ते उठून उभे राहिले आणि चेहरा पाडला. विधुर समोर आला की चेहरा पाडायचा, हे त्यांना कुठल्यातरी प्रशिक्षणात शिकवलं असावं.

“या काका, या. मी तुम्हालाच बोलावणार होतो. सरप्राइज होतं खरं तर. कसं वाटलं?”

“अडीच हजार चुका आहेत.”

व्हिजन हसले. “काका, दुःखात माणूस जरा कडक होतो. समजू शकतो मी.”

“दुःख बाजूला ठेवा. वरची चिठ्ठी घेतलीत. ती खालची घ्यायला हवी होती.” त्याने दोन गठ्ठे टेबलावर सोडून दाखवले. पुस्तिका उघडून कवळी दाखवली. झऱ्याला तेल दाखवलं. मूल शाळेत बे एके बे म्हणतं तितकं सोपं करून सांगितलं.

व्हिजनने ऐकलं, मान हलवली आणि बोटाने टायची गाठ चाचपली. “पण मला सांगा, त्यांनी स्वतः एक अर्थ वर ठेवला. म्हणजे त्यांच्या मते तो प्रमुख. लॉजिक आहे की नाही?”

“नाही.”

“असू द्या. दुसऱ्या आवृत्तीत बघू. तीनशे प्रती छापून झाल्यात, मुख्य कार्यालयातून पाहुणे येतायत. बाईंचं नाव राहील, काका! हे व्हिजन आहे ह्याच्यामागे. तुमच्याकडून फक्त एवढं हवं.” त्यांनी एक कागद पुढे केला. दिवंगत व्यक्तीचं नाव आणि छायाचित्र वापरण्यास वारसाची संमती. “मुख्य कार्यालयाला लागते. औपचारिकता.”

“नाही करणार.”

“काका.”

“तुमच्या पुस्तकातून जी मशिनं बिघडतील, त्यांच्यावर तुमचं नाव असू दे. तिचं नको. तिने आयुष्यात एक शब्द न विचारता लिहिला नाही.”

व्हिजनने खिडकीबाहेर बघितलं. मग अगदी मऊ आवाजात म्हणाले, “त्या कपाटाचं काय करायचं हाही प्रश्न आहेच. आता सगळं कॉम्प्युटरवर आहे, जागा अडते. मी विचार करत होतो, सही झाली की ड्रॉवर तुम्हीच घरी न्या. आठवण म्हणून. नाही तर… कार्यालयाची मालमत्ता आहे हो. सोमवारी जुना कागद उचलायला गाडी येतेय.”

तपासनिसाने त्याच्याकडे नीट बघितलं. माणूस दुष्ट नव्हता, हे त्यातलं वाईट. दुष्टाशी भांडता येतं. ह्याला खरंच वाटत होतं की आपण चांगला सौदा देतोय.

“विचार करतो,” तो म्हणाला, आणि बाहेर आल्यावर स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटली. विचार कसला करायचा होता?

पण केला. दुपारी डबा न उघडता कपाटासमोर बसून केला. घरात तिच्या अक्षरातलं काही उरलं नव्हतं. वाण्याच्या याद्या ती वापरून फेकायची, पत्रं कधी लिहिलीच नाहीत, एकाच घरात, एकाच कार्यालयात राहणारी माणसं पत्रं कशाला लिहितील? तिचं जे काही अक्षर जगात होतं ते ह्या चौसष्ट खणांत होतं. एक सही केली की ते सगळं घरी. आणि सूची कोण वाचणार होतं? पाहुणे फोटो काढतील आणि जातील. पण मग कुठल्यातरी फ्रेंच गावात कोणी फिटर ती पुस्तिका उघडेल, कवळी वाचेल, पुन्हा वाचेल, हा शब्द कोणाच्या सूचीतून आला ते शोधेल, आणि विचारेल, ही कोण मूर्ख बाई? त्या फिटरचा तो प्रश्न तपासनिसाला ऐकवत नव्हता.

दुसऱ्या दिवशी अकराच्या सुमारास त्याची मेहुणी कार्यालयात आली. बाईची धाकटी बहीण. चार मशिनं टाकून शिवणकामाचं दुकान चालवते, आणि आवाज असा की चारही मशिनं चालू असताना समोरच्या फुटपाथवर ऐकू जावा. व्हिजनने तिला फोन केला होता.

“भावजी, काय ऐकतेय मी? सही करत नाही म्हणे!”

“हळू बोल.”

“का हळू? ताईचं पुस्तक निघतंय आणि तुमच्या पोटात दुखतंय? जिवंत होती तेव्हाही तिचं कौतुक तुमच्या तोंडून निघालं नाही. ‘उलटं कपाट, उलटं कपाट.’ मी बारा बायकांना बोलावून बसलेय शुक्रवारी! सगळ्यांना सांगितलंय, ताईचा फोटो छापलाय म्हणून.”

“फोटो छापलाय आणि खाली मूर्खपणा छापलाय.”

“तुम्हाला सगळेच मूर्ख. जन्मभर लाल पेन घेऊन बसलात, दुसरं काय दिसणार!”

होयबा, फायलीत तोंड घालून, एक अक्षर सुटू न देता ऐकत होता. तपासनिसाला तिच्याशी वाद घालायचा कंटाळा आला. फ्रेंच तिला येत नव्हतं, समजावणार काय? त्याने ‘एस’चा ड्रॉवर ओढला आणि सीमचा गठ्ठा तिच्या हातात ठेवला.

“इंग्रजी शब्द आहे, सीम. तू काय म्हणतेस त्याला?”

“शिवण. अजून काय? कापडाचे दोन तुकडे जोडले की सीम.”

“ही सूची बघ. समोर फ्रेंच शब्द आहे, त्याचा अर्थ जमिनीखालचा कोळशाचा थर. ह्या पुस्तकावरून शिलाई मशिनची माहिती तयार झाली. त्यात लिहिलंय, कोळशाचा थर सरळ जातोय का बघा.”

“म्हणजे ताईने चूक केली?”

“गठ्ठा सोड.”

तिने दोरा सोडला. वरची चिठ्ठी: खाणकामगाराच्या हातात. दुसरी: जहाज बांधणाऱ्याच्या. तिसरी: वेल्डरच्या. ती एकेक मागे टाकत गेली. शिंपीण होती, कागदही कापडासारखा बोटांत धरत होती. शेवटच्या चिठ्ठीशी थांबली.

तिथे एक फ्रेंच शब्द होता, आणि खाली, ‘धाकटीच्या हातात.’

धाकटीने ती ओळ हलक्या आवाजात वाचली. हे इतकं विरळ होतं की होयबाने फायलीतून डोकं वर काढलं.

“मी तळाला का?” तिने विचारलं.

“कारण तू तिच्या विसरण्यातली नव्हतीस. जे पाठ असायचं ते ती खाली ठेवायची. ह्या लोकांनी सगळ्यांचं वरचं घेतलं.”

“आणि तिचं नाव लावलं.”

“हो.”

“मेले,” धाकटी म्हणाली. हा एकच शब्द, पण चारही मशिनं थांबली असती. ती सरळ व्हिजनच्या केबिनमध्ये शिरली. तपासनीस मागे गेला. ती म्हणाली, “साहेब, सही होणार नाही. त्यांची नाही आणि माझीही नाही. काढा ताईला तिथून.”

व्हिजनचा पाडलेला चेहरा ह्या वेळी आपोआप पडला होता. “पण ताई, तीनशे प्रती आहेत! आता पान कोण काढणार? माझ्याकडे माणसं नाहीत.”

“मी काढतो,” तपासनीस म्हणाला.

“आणि कपाटाचं मी बोललो होतो…”

“कपाट तुमचं. सोमवारी द्या गाडीला.” हे म्हणताना त्याचा आवाज नीट राहिला. खुर्चीची पाठ मात्र त्याने घट्ट धरून ठेवली होती.

व्हिजनने क्षणभर विचार केला. मग त्यांच्या चेहऱ्यावर हळूहळू उजेड पडला. “मग सूची कोणाच्या नावावर जाणार? निनावी तर जाता येत नाही. एक स्टिकर छापून घेता येईल… संकल्पना तशी माझीच होती.”

“तुमचंच घाला,” तपासनीस म्हणाला. “तुम्हाला शोभेल. मी परत एकदा सांगतो, सगळं चुकीचं आहे. शिलाई मशिनच्या पुस्तिकेवर मी ‘पाठवू नये’ असं लिहून सही केली आहे. एवढी सही माझ्याकडून मिळेल.”

“ती मी दुसऱ्याकडून तपासून घेईन,” व्हिजन म्हणाले, आणि काचेपलीकडे बसलेल्या होयबाकडे बघितलं. होयबाने ऐकूही न येता मान डोलावली.

प्रती मागच्या खोलीत होत्या, सहा खोक्यांत. तपासनिसाने स्टीलची पट्टी घेतली, धाकटीने पर्समधून कात्री काढली, मग ठेवून दिली आणि दुसरी पट्टी मागितली. पुस्तक उघडायचं, शिवणीशी पट्टी दाबायची, पान खाली ओढायचं. सरर्र. बाई चिडलेल्या हनुवटीने बाहेर यायची. पुढचं पुस्तक. पुन्हा बाई.

पहिल्या वीसएक पानांना त्याचा हात जड झाला. शंभराव्याला सवय झाली, आणि सवय झाली म्हणून स्वतःचा राग आला. बायकोला तीनशे वेळा पुस्तकातून फाडून काढायचं काम कुठल्या नवऱ्याच्या वाट्याला आलं असेल? आणि नीट, कडेने, फाटू न देता.

“हा फोटो तिला मुळीच आवडायचा नाही,” धाकटी म्हणाली. “म्हणायची, ह्यात मी भाजीवाल्याशी भांडून आल्यासारखी दिसते.”

“भांडूनच आली होती. माझ्याशी. त्या दिवशी सकाळी.”

“कशावरून?”

“आठवत नाही. मीच चुकलो असेन.”

“असेन काय, असालच.” तिने पट्टी दाबली. सरर्र. “भावजी, ते स्टिकर लावतील ना, ते वाकडं लागू दे, एवढीच माझी इच्छा आहे.”

तो हसला नाही, पण पुढचं पान जरा हलक्या हाताने निघालं.

तीनशेवं पान निघालं तेव्हा चार वाजले होते. तपासनिसाने पानं टेबलावर आपटून सारखी केली, दोरीने आडवी-उभी बांधली आणि उचलली. दाराशी व्हिजन उभे होते.

“काका, ती पानं इथेच ठेवा. कागद कार्यालयाचा आहे. नियम आहे.”

“कागद तुमचा. तोंड माझ्या घरचं आहे,” तपासनीस म्हणाला. “वेगळं करून देता येत असेल तर कागद ठेवून घ्या.”

व्हिजनला ह्यावर नियम सापडला नाही. धाकटी त्यांच्या बाजूने गेली आणि जाताना मुद्दाम पर्स उघडून दाखवली. आत सीमचा गठ्ठा होता.

“हाही नेतेय. ह्यात मी आहे. अडवायचं असेल तर आत्ता अडवा, बारा बायका माझ्या दुकानात मोकळ्या बसल्यायत.”

कोणी अडवलं नाही. जिन्यात ओझं आळीपाळीने घेत दोघं खाली उतरली. रस्त्यावर ऊन होतं. धाकटीने पानांचा गठ्ठा छातीशी धरला होता, वरची बाई रस्त्यावरच्या प्रत्येकाकडे हनुवटी वर करून बघत होती.

“एवढी ठेवणार कुठे?”

“बघू.”

“आणि कपाट गेलं ते गेलं?”

“गेलं.” तो चालत राहिला. कोपऱ्यावरच्या नळवाल्याच्या दुकानापाशी थांबला, आत वाकून बघितलं. नळवाला काउंटरवर पितळेच्या चकत्या निवडत होता.

“अहो,” तपासनीस म्हणाला, “ते तुमच्या हातात आहे त्याला तुम्ही काय म्हणता?”

नळवाल्याने वर बघितलं. धाकटीच्या हातातल्या गठ्ठ्यावरचा फोटो त्याला दिसला, आणि त्याचा हात थांबला. “अरे देवा,” तो म्हणाला. “बाईंच्या घरचे का तुम्ही? बसा. हे लांबतं, मला माहीत आहे.”

तपासनीस बसला. त्याने एक पान ओढून काढलं, पालथं केलं, आणि कोऱ्या बाजूवर लाल पेन टेकवलं.